काळ्या पाण्यावरून घरी आलेला माणूस

नोकरीतली बरीचशी प्रकरणं आता माझ्या डोक्यात एकमेकांत मिसळून गेली आहेत. कुठल्या घरफोडीतला आरोपी कुठल्या गावचा, हे कुणी विचारलं तर मला नेमकं सांगता येत नाही. डिंभे धरणाच्या गाळात खणताना सापडलेल्या त्या बाईंचं मात्र तसं झालेलं नाही. त्यांचा आवाजसुद्धा मला अजून ऐकू येतो. नाव मी कुणाचंच देणार नाही. यातली काही माणसं त्याच भागात राहतात, आणि हे प्रकरण जेवढं कायद्याचं होतं तेवढंच एका घराचंही होतं.

आंबेगाव तालुक्यातल्या एका पोलीस ठाण्याचा चार्ज तेव्हा माझ्याकडे होता. मे महिना चालू होता. धरणाचं पाणी खाली गेलं की बुडालेल्या वाड्यांचे चौथरे, विहिरींचे कठडे, देवांचे दगड उघडे पडतात. उघड्या पडलेल्या गाळात लोक पेरणी करतात, काही जण गुरं चारतात, आणि गुप्तधनाच्या नादाला लागलेले काही उपटसुंभही तिथे घिरट्या घालतात. दर उन्हाळ्यात आमच्याकडे तशी एखाद-दुसरी तक्रार यायचीच. त्यामुळे त्या दिवशी सकाळी पोलीस पाटलांचा फोन आला तेव्हा मी सुरुवातीला फारसा हललो नाही.

"साहेब, कळमजाई देवीच्या दगडापाशी एक बाहेरची बाई खणत व्हती. मासं धरनाऱ्यांनी पायली."

"बसवून ठेवा. बीट अंमलदाराला पाठवतो."

"तुमीच या साहेब. तिच्या पिशवीत मानसाची हाडं निघालीत. लोक लई तापल्यात."

मग मात्र मी उठलो. "तिला कुणी हात लावायचा नाही. सावलीत बसवा आणि पाणी द्या," एवढं सांगून महिला हवालदार आणि दोन शिपाई घेऊन निघालो.

आम्ही पोचलो तेव्हा शंभरेक माणसं जमली होती. मध्ये एका पडक्या चौथऱ्यावर त्या बाई बसल्या होत्या. वय पन्नाशीच्या पुढचं, रंग काळासावळा, अंगावर साधी सुती साडी, पायांत रबरी चपला. हातांना गाळ लागलेला आणि शेजारी एक खुरपं. कापडी पिशवी त्यांनी मांडीवर घट्ट धरली होती. पदर खांद्याशी फाटला होता. कुणीतरी ओढाताण केली होती, हे उघड होतं.

"नवऱ्याला मारून आनलाय," गर्दीतून एक जण ओरडला. "सोत्ताच्या तोंडानं म्हनली, मेरे घर का आदमी है."

"नरबळी आसंल," दुसरा म्हणाला. मोबाईलवर चित्रण चालू होतंच.

मी ते मोबाईल आधी खाली करायला लावले. पोलीस पाटलांना आणि आणखी एका शेतकऱ्याला पंच म्हणून घेतलं आणि जागेवरच पंचनामा केला. पिशवीत जुन्या पांढऱ्या धोतराच्या घड्यांत हाडं होती. पायाची दोन लांब हाडं, कवटीचा एक तुकडा, बाकी बारीकसारीक. बरोबर मूठभर काळपट वाळू. सगळं मोहोरबंद केलं. बाईंनी विरोध केला नाही, फक्त शिपायानं ते गाठोडं जीपमध्ये पायाशी ठेवलं तेव्हा त्या एकदम म्हणाल्या, "नीचे मत रखना."

हवालदार बाईंनी गाठोडं उचलून स्वतःच्या मांडीवर घेतलं. त्या पुढे मला म्हणाल्या, "साहेब, जिनं मारलंय ती एवढं जपत नाही." मलाही तेच वाटत होतं. पण वाटण्यावर तपास चालत नाही. माणसाची हाडं सापडली आहेत, ती कुणाची हे ठाऊक नाही, आणि जिच्याजवळ सापडली ती बोलत नाही. कागदावर हा संशयित खुनाचाच मामला होता.

ठाण्यात आल्यावर स्टेशन डायरीला नोंद घेतली. आधार कार्डावर पत्ता पोर्ट ब्लेअरचा होता. म्हणजे अंदमान! ठाणे अंमलदारानं ते दोनदा वाचलं. बाईंना मी हवालदार बाईंच्या समोर बसवून विचारपूस सुरू केली. हाडं कुणाची? "घर के आदमी की." कोण लागतो? गप्प. कुठून आणली? गप्प. मारलं कुणी? या प्रश्नावर त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की प्रश्न विचारल्याचं मलाच ओशाळं वाटलं. चहा आणला, त्यांनी घेतला नाही.

इतक्या वर्षांत एक गोष्ट मी शिकलो होतो. माणूस 'का' या प्रश्नाला खोटं बोलतो किंवा तोंड मिटतो. पण कसा आला, कुठे उतरला, कुणाला रस्ता विचारला, हे तो सहज सांगून जातो. त्यात आपण अडकू असं त्याला वाटत नाही. म्हणून मी हाडांचा विषयच सोडला.

"बाई, तिथे एस.टी. धड जात नाही. आमच्या तालुक्यातल्या निम्म्या लोकांना ती जागा माहीत नाही. तुम्हाला कुणी दाखवली?"

त्या जरा सावरून बसल्या. हिंदीत सांगू लागल्या. जहाजानं चेन्नई, तिथून रेल्वेनं कल्याण, कल्याणहून माळशेज घाट चढून आळेफाटा. तिथे त्यांनी जुन्या आंबेगावची चौकशी केली तर लोक हसले. ते गाव धरणात गेलं म्हणाले. मग विचारत विचारत घोडेगाव, आणि पुढे जीपनं डिंभे.

"पण आत, कळमजाईपर्यंत?"

"वो तो याद है."

"याद? तुम्ही आधी आला होतात?"

"नहीं. बचपन से याद है." आणि त्यांनी डोळे मिटून, शाळेतल्या मुलीसारखं, एका दमात म्हणून दाखवलं:

"कळमजाई, उंबर बांध, घोडगाव कचेरी, जुनर बेडी, नाने घाट पाय फोड, ठाना कोठी, मग पानी, पानी, पानी."

मी हातातलं पेन टेबलावर ठेवलं. हवालदार बाईंचा हात लिहिता लिहिता थांबला होता. हिंदीत बोलणारी ही बाई आमच्या मराठीत, झिजलेल्या उच्चारांनी, एका कैद्याचा रस्ता सांगत होती. वाडीतून उचलला, घोडेगावच्या कचेरीत उभा केला, जुन्नरला पायांत बेड्या ठोकल्या, नाणेघाटानं चालवत कोकणात उतरवला, ठाण्याच्या तुरुंगात ठेवला आणि तिथून जहाजावर चढवला. काळ्या पाण्याच्या शिक्षेवर गेलेला माणूस होता तो. त्यानं आपला घरचा रस्ता मुलांकडून पाठ करून घेतला होता, आणि त्या मुलांनी त्यांच्या मुलांकडून.

"ह्याचा अर्थ ठाऊक होता तुम्हाला?"

त्यांनी नकारार्थी मान हलवली. लहानपणी झोपताना आजोबा म्हणायला लावायचे. कसला तरी मंत्र असेल असं त्यांना वाटायचं. पुढे त्या जेट्टीवर चहा-भज्यांचा गाडा चालवू लागल्या. एकदा पुण्याकडच्या पर्यटकांपुढे त्यांनी गमतीनं ते म्हटलं, तर त्यातल्या एक बाई उभ्याच राहिल्या. म्हणाल्या, अहो, ही तर आमच्या जुन्या आंबेगावाकडची गावं!

त्यानंतर बाई मोकळ्या झाल्या. हाडं त्यांच्या पणजोबांच्या वडिलांची होती. कैदी म्हणून गेले, जंगल तोडलं, बरीच वर्षं सक्तमजुरी केली. मग तिथल्याच एका कैदी बाईशी लग्न करायची परवानगी मिळाली आणि ते तिथलेच झाले. परत कधी आले नाहीत. मेल्यावर त्यांना पुरलं होतं. ती जुनी दफनाची जागा आता रस्त्यासाठी सपाट होत होती. ज्यांची माणसं तिथे असतील त्यांनी अर्ज करा, असं कचेरीनं सांगितलं होतं. बाईंनी अर्जाची वाट पाहिली नाही. मशीन त्या कोपऱ्याकडे सरकलं तशा त्या भावाला घेऊन गेल्या आणि हाताला लागलं तेवढं, तिथल्या मूठभर वाळूसकट, उचलून घेऊन आल्या.

"चोरी है ना साहब? इसलिए नहीं बोली."

विमानानं का नाही आलात, असं मी विचारलं. त्यावर त्या म्हणाल्या की तपासणीत गाठोडं उघडलं असतं. आणि थोडं थांबून म्हणाल्या, जहाजानं नेला होता, जहाजानंच आणायचा होता.

संध्याकाळ होत आली होती. अटक करण्यासारखं माझ्याजवळ काही नव्हतं, आणि त्यांना लॉजवर एकटं पाठवायचं तर गावातलं वातावरण तापलेलं. हवालदार बाई आपण होऊन म्हणाल्या, "माझ्याकडे येऊ द्या साहेब. जबाबदारी माझी." त्या रात्री बाई त्यांच्या क्वार्टरवर जेवल्या. दिवसभरातलं त्यांचं ते पहिलं अन्न.

दुसऱ्या दिवशी पोर्ट ब्लेअरच्या ठाण्याला फोन केला, मेल पाठवला. तिकडच्या अधिकाऱ्यानं खात्री करून कळवलं की रस्त्याचं काम खरं आहे, बाईंचं कुटुंब तिथलं जुनं आहे, आणि हाडं नेल्याबद्दल कुणाचीही तक्रार नाही. इकडे ग्रामीण रुग्णालयाच्या डॉक्टरांनी हाडं फार जुनी असल्याचं तोंडी सांगितलं आणि पक्क्या अहवालासाठी ती पुण्याला न्यायवैद्यक विभागाकडे पाठवली. खुनाचा संशय तसा फिटत चालला होता. पण एक गोष्ट राहिली होती. हाडं कोर्टाच्या परवानगीनं परत देताना हा मृत माणूस इथलाच होता, असं सांगणारं इथलं कुणीतरी हवं होतं. शिवाय गावाला पटेपर्यंत बाईंना पुन्हा त्या गाळात पाऊल टाकू देणं मला धोक्याचं वाटत होतं.

बाईंना त्या माणसाचं आडनाव ठाऊक होतं. पोलीस पाटील म्हणाले, "त्या उंबराच्या बांधाचं मालक एकच घर, साहेब. धरान झाल्यावर वरल्या अंगाला ऱ्हायला गेल्यात." त्या घरातल्या कर्त्या म्हाताऱ्याला मी निरोप धाडला. सत्तरीच्या पुढचे, डोंगरात भात आणि नाचणी करणारे. डोक्याला पांढरी टोपी, पाठ ताठ. सगळे त्यांना बाबा म्हणत. ते आले, नमस्कार केला, खुर्चीच्या कडेला बसले.

मी त्यांना एवढंच सांगितलं की अंदमानच्या एक बाई आल्या आहेत. त्यांचा पूर्वज तुमच्या आडनावाचा होता, फार मागे शिक्षा होऊन गेला होता. तुमच्या घरात असं कधी काही ऐकलं आहे का?

"न्हाई साहेब. आमच्यातलं कुनी काळ्या पान्यावर गेलं न्हाई. आमी इमानानं ऱ्हायल्याली मानसं."

"आठवून बघा. घाई नाही."

"आठवायचं काय त्यात? जमीन मागाया आली आसंल ती. पुनर्वसनाचं चाललंय, कुनीतरी फूस लावली आसंल. आन् तिकडं जाऊन कुनाशी लगीन केलं, कंच्या जातीत, त्याचा तरी पत्ता हाय का? आज आमाला म्हनायचं, ही तुमची."

मी काही बोललो नाही. चौकशीत गप्प बसण्याचाही उपयोग असतो. समोरच्याला ती शांतता सोसत नाही आणि तो ती स्वतःच भरून काढतो. बाबांनी टोपी काढली, पुन्हा घातली. मग आवाज चढवून म्हणाले, "आन् भावानं भावाच्या इरुद्ध साक्ष दिली, ह्यात आमच्या पिढीचा काय दोस, तुमीच सांगा!"

भावाचा विषय तोवर कुणीच काढला नव्हता. मी नाही, पोलीस पाटलांनी नाही.

"बाबा," मी हळूच म्हटलं, "भावाचं तुम्हाला कुणी सांगितलं?"

त्यांचा चेहरा पडला. मग एकेक वाक्य तोडून तोडून सांगू लागले. इंग्रजांच्या काळात डोंगरात बंडकरी लपले होते. थोरला भाऊ त्यांना भाकरी पोचवायचा. धाकल्याला शिपायांनी धरून मारहाण केली, तेव्हा त्यानं थोरल्याचं नाव घेतलं. पुढे कचेरीत साक्षही दिली. थोरला गेला, धाकला सुटला. जमीन सगळी धाकल्याकडे राहिली. बाबा त्या धाकल्याचे वंशज.

"माझा आजा मरताना बापाला सांगून गेला, बापानं मला सांगितलं. बाहेर बोलायचं न्हाई म्हनून. सर्वपित्रीला आमी एक घास येगळा ठिवतो. पोरं विचारत्यात कुनाचा, मी म्हनतो, आसाच, रीत हाय."

शेजारच्या खोलीचं दार उघडं होतं. अंदमानच्या बाई तिथेच बसलेल्या होत्या. मराठी त्यांना तुटक समजत होती. हवालदार बाई हळू आवाजात सांगत होत्या. ते ऐकून अंदमानच्या बाई उठून आत आल्या. बाबा दचकून उभे राहिले. मी सावध झालो. साक्ष देणाऱ्याच्या घरचा माणूस आणि ज्याच्याविरुद्ध साक्ष दिली त्याच्या घरची बाई, अशी गाठ कोर्टाच्या आवारात मी अनेकदा पाहिली होती. ती बहुधा शिव्यांवर जाते.

बाई म्हणाल्या, "साक्ष? हमको तो किसीने नहीं बताया."

बाबांना वाटलं, आता ही वाईटसाईट बोलणार. त्यांनी मान खाली घातली.

"हमारे घर में बस इतना बोलते थे," त्या म्हणाल्या, "कि उसका एक छोटा भाई था. बहुत तेज भागता था. डोंगर पे उसको कंधे पे बिठा के ले जाता था. आखरी दिनों में उसीका नाम लेता था." 'डोंगर' हा शब्द त्यांनी तसाच म्हटला. तोही त्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या टिकलेला असावा.

बाबा खाली फरशीवरच बसले. त्यांना रडू फुटलं, तेही असं की ठाण्यातले शिपाई दारातून मागे सरकले. "त्यानं सांगितलं न्हाई?" ते पुन्हा पुन्हा म्हणत होते. "पोराबाळांस्नीबी सांगितलं न्हाई त्यानं?"

बाईही त्यांच्यासमोर फरशीवर बसल्या. शेवटी बाबांनी डोळे पुसले आणि जीव मुठीत धरून विचारल्यासारखं विचारलं, "ताई, जमिनीसाठी तर न्हाई ना आलीस?"

हवालदार बाईंनी हिंदीत सांगितल्यावर त्या पहिल्यांदा हसल्या. "जमीन तो पानी में है, बाबा. मैं क्या करूंगी?"

तेव्हा बाबाही हसले. नाक ओढत, लहान मुलासारखे.

बाबांनी त्याच दिवशी जबाब दिला. मी तो सावकाश लिहून घेतला, वाचून दाखवला, आणि त्यांनी अंगठा न लावता सही केली. बाईंना ते आपल्या घरी राहायला घेऊन गेले. जातीचं काय झालं, हे मी विचारलं नाही. एवढंच कळलं की घरात दोन दिवस जरा कुजबुज झाली, एक सून रुसून बसली, आणि मग बाई चुलीपाशी बसून मासे तळू लागल्यावर तीच सून ते कसे करतात ते विचारायला आली.

पुण्याचा अहवाल यायला वेळ लागला. हाडं जुनी होती, माणूस उतारवयात गेलेला होता, जखमेनं मृत्यू झाल्याचं दिसत नव्हतं. खाली एक ओळ होती. घोट्याच्या वरच्या बाजूला हाड घासून जाड झाल्याची, आयुष्यात फार आधी झालेली खूण. कारण डॉक्टरांनी लिहिलं नव्हतं, आणि मीही जुळवून काही लिहिलं नाही. पण तो कागद वाचताना माझा हात नकळत स्वतःच्या घोट्याकडे गेला, हे खरं.

कोर्टानं मुद्देमाल परत देण्याचा आदेश केला. धरणात पाणी वाढायच्या आत काम उरकायला हवं होतं. त्या सकाळी मी गणवेशात, बंदोबस्ताला म्हणून गेलो. बंदोबस्ताची गरज अशी पडलीच नाही. ज्या लोकांनी बाईंना घेरलं होतं त्यातले बरेच जण आले होते, फक्त या वेळी हात बांधून लांब उभे होते. पदर ओढणारा कोण, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही. एका माणसानं मात्र पुढे येऊन बाईंच्या पायांशी नारळ ठेवला आणि मान वर न करता मागे गेला.

अग्नी द्यायचा की पुरायचं, असं बाबांनी विचारलं. बाई म्हणाल्या, इतकी वर्षं मातीत होता, त्याला मातीच ओळखते. कळमजाईच्या दगडापासून थोडं खाली, जुन्या बांधाची ओळ गाळात अजून दिसत होती. बाई खुरपं घेऊन वाकल्या. बाबांनी ते त्यांच्या हातून काढून घेतलं, टिकाव मागवला आणि स्वतः खणायला लागले. मुलं पुढे झाली तर त्यांना हातानंच लांब केलं. घामानं निथळत होते, धाप लागली होती, तरी कुणाला टिकाव दिला नाही.

खड्डा झाल्यावर त्यांनी गाठोडं दोन्ही हातांनी घेतलं. मराठीत, अगदी साध्या आवाजात, जणू दारात आलेल्या पाहुण्याशी बोलावं तसं म्हणाले, "थोरलं बाबा, या. लई उशीर झाला. धाकल्याला माफ करा."

बाईंनी वाळू टाकली, मग माती. आठवड्याभरानं त्या कल्याणच्या गाडीनं परत गेल्या. बाबांच्या घरची सगळी माणसं आळेफाट्यापर्यंत सोडायला गेली होती, असं पोलीस पाटलांनी सांगितलं.

या प्रकरणात गुन्हा दाखल झाला नाही. आरोपी नव्हता, निकाल नव्हता, माझ्या सेवापुस्तकात त्याची ओळही नाही. तरीही त्यानं मला जे शिकवलं ते मोठ्या तपासांनी शिकवलं नाही. आम्ही पोलीस शिक्षा लागली की फाईल बंद करतो. आमच्या दृष्टीनं तिथे गोष्ट संपते. इथे मी पाहिलं की शिक्षा झालेला माणूस ती शिक्षा एकटा भोगत नाही. त्याला पाठवणाऱ्याच्या घरातही ती शिरते, आणि तिला मुदत नसते. थोरल्यानं समुद्रापलीकडे बसून भावाचा गुन्हा कुणाला सांगितला नाही. धाकल्याच्या घरानं इथे बसून तो दरवर्षी पानावर वाढला. कुणाची शिक्षा मोठी, हे मला ठरवता येत नाही.

त्यानंतर निवृत्तीपर्यंत मी एक नेम केला. कोर्टानं शिक्षा सुनावली की माणसाला गाडीत घालण्याआधी आवारात त्याच्या घरच्यांशी बोलायला वेळ द्यायचा. नियमात बसेल तेवढाच, पण द्यायचा. कधी बायको असायची, कधी म्हातारा बाप. एकदा एका मारामारीच्या केसमध्ये शिक्षा झालेल्याला भेटायला त्याचा सख्खा भाऊ आला होता. फिर्यादी तोच होता. दोघंही समोरासमोर उभे, तोंडातून शब्द नाही. एस्कॉर्टचा हवालदार घड्याळ दाखवत म्हणाला, "साहेब, येरवड्याला पोचायला उशीर होईल."

मी म्हटलं, "होऊ दे."